साडेबारा की बारा-पाच?

दसरा-दिवाळीच्या दिवसांत पातूर तालुक्यातलं सोयाबीन घरात यायला लागतं. मळणीयंत्रातून निघालेलं धान्य कट्ट्यांत भरलं जातं, कट्टे ट्रॉलीत चढतात आणि ट्रॉली अकोल्याच्या रस्त्याला लागते. समजा, एका घरच्या अशा तीन खेपा झाल्या आणि तीन काटापट्ट्या हाती आल्या. पहिलीवर लिहिलंय १२.५ क्विंटल, दुसरीवर १२.४५ क्विंटल, तिसरीवर १२.०५ क्विंटल. घरात सहावीतलं पोर आहे. त्याला विचारलं, “सगळ्यांत जास्त माल कोणत्या खेपेला गेला?” तर ते पट्ट्या निरखून बघेल आणि पुष्कळदा दुसरी पट्टी पुढे करील. पाचापेक्षा पंचेचाळीस मोठे, हे त्याला इयत्ता दुसरीपासून पाठ आहे. तिसऱ्या पट्टीवरचा शून्य तर त्याच्या हिशेबात धरायचंच कारण नाही, त्यामुळे पहिली आणि तिसरी पट्टी त्याला सारखीच वाटते.

उत्तर चुकीचं आहे, पण ते आळसातून आलेलं नाही. शाळेत शिकलेला पूर्ण संख्यांचा नियम त्याने प्रामाणिकपणे दशांशचिन्हाच्या पलीकडे नेला, एवढंच झालं. म्हणून त्याला रागावण्याआधी त्याच्याबरोबर त्या टिंबाच्या उजवीकडे नेमकं काय आहे ते बघायला हवं.

एक क्विंटल म्हणजे १०० किलो. दशांशचिन्हानंतरचं पहिलं घर दशांशाचं, म्हणजे क्विंटलचा दहावा भाग, १० किलो. दुसरं घर शतांशाचं, १ किलो. तिसरं सहस्रांशाचं, १०० ग्रॅम. आता पट्ट्या पुन्हा वाचू. १२.५ मधला ५ दहा-दहा किलोंच्या घरात बसलाय, म्हणजे ५० किलो. १२.४५ मध्ये दहा किलोंच्या घरात ४ आणि एक किलोच्या घरात ५, म्हणजे ४५ किलो. १२.०५ मध्ये दहा किलोंचं घर रिकामं आहे, फक्त ५ किलो आहेत. पहिली खेप १२ क्विंटल ५० किलो, दुसरी १२ क्विंटल ४५ किलो, तिसरी १२ क्विंटल ५ किलो. पहिली सर्वांत भारी आणि तिसरी सर्वांत हलकी. पहिल्या आणि तिसऱ्या खेपेत ४५ किलोंचा फरक आहे. सोयाबीनचा २०२५-२६ चा हमीभाव क्विंटलला ५,३२८ रुपये धरला, तर तो फरक २,३९७ रुपये ६० पैशांचा होतो. एका शून्याची जागा चुकली तर कोरडवाहू वावराच्या मालकाला एवढी किंमत मोजावी लागू शकते.

हे सगळं कागदावर एका नजरेत दिसावं म्हणून गणितात एक साधी रीत आहे. ज्या संख्येत दशांशचिन्हानंतर सर्वांत जास्त आकडे असतील ती शोधायची आणि बाकीच्या संख्यांच्या शेवटी शून्य लावून सगळ्यांची घरं तेवढीच करायची. आपल्या पट्ट्यांत जास्तीत जास्त दोन घरं आहेत. म्हणून १२.५ चे झाले १२.५०, बाकी दोन होते तसेच राहिले. १२.५०, १२.४५, १२.०५ असे आकडे एकाखाली एक लिहिले की पोर चुकत नाही. आता त्याचा पूर्ण संख्यांचा नियमही बरोबर चालतो, कारण पन्नास, पंचेचाळीस आणि पाच हे तिन्ही आता शतांशच आहेत.

बेरजेतही हेच होतं. उजव्या कडेला आकडे जुळवून तीन पट्ट्यांची बेरीज करणारा ५, ४५ आणि ५ मिळवतो आणि ३६.५५ क्विंटल लिहितो. घरं सारखी करून बेरीज केली तर बरोबर ३७.०० क्विंटल येते. इथेही ४५ किलोच गायब झाले, कारण ५० किलोंना त्याने ५ किलो मानलं.

शून्य लावून संख्या बदलत कशी नाही, हा प्रश्न मुलाने विचारलाच पाहिजे. पूर्ण संख्येत तर ५ पुढे शून्य दिला की ५० होतात. कारण तिथे शून्य एककाच्या घरात शिरतो आणि ५ ला ढकलून दशकाच्या घरात पाठवतो. दशांशचिन्ह आलं की घरं त्या चिन्हापासून मोजली जातात. ०.५ च्या शेवटी शून्य लावला तरी ५ चं घर तेच राहतं, पहिलं. शून्य फक्त पुढचं घर उघडतो आणि तिथे काही नाही असं सांगतो. अपूर्णांकात लिहिलं तर ०.५ म्हणजे ५/१०. अंश आणि छेद दोन्हींना १० ने गुणलं की ५०/१००, म्हणजेच ०.५०. किंमत तीच राहिली, तुकडे मात्र बारीक झाले.

म्हणजे ही रीत नवी नाही. शाळेत आपण भिन्नच्छेद अपूर्णांकांना समच्छेद करतो, तेच इथे होतं. बाराव्या शतकात भास्कराचार्यांनी ‘लीलावती’ लिहिली. त्यांचा जन्म १११४ चा आणि ग्रंथ ११५० च्या सुमाराचा. अपूर्णांकांची बेरीज-वजाबाकी करण्याआधी छेद समान करण्याचा विधी त्यात सांगितलेला आहे. त्यांच्या परंपरेचा एक दगडी पुरावा वऱ्हाडाला लागून असलेल्या खानदेशात, चाळीसगावजवळ पाटणादेवीला आहे. भास्कराचार्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी मठ स्थापन झाल्याची नोंद असलेला तेराव्या शतकाच्या सुरुवातीचा शिलालेख तिथे आहे. संशोधक भाऊ दाजी लाड यांनी एकोणिसाव्या शतकात तो अभ्यासकांपुढे आणला. भास्कराचार्यांच्या विधीत तिसऱ्या आणि सातव्या भागांचे छेद समान करायला एकवीसपर्यंत जावं लागतं. दशांशात छेद फक्त १०, १००, १०००. त्यामुळे सगळा गुणाकार एक-दोन शून्यांवर भागतो. दशांश पद्धतीची मोठी सोय हीच आहे आणि ती मुलांना पहिल्याच दिवशी दाखवली पाहिजे असं मला वाटतं.

वर्गात मात्र बहुतेक वेळा ‘शेवटी शून्य द्या’ एवढंच सांगितलं जातं. मूल शून्य देतं, उत्तर बरोबर येतं आणि आत काय समजलंय ते झाकलेलं राहतं. ते उघडं करायला दोन जोड्या पुरेशा आहेत. पहिली: ०.८ आणि ०.३७५ यांत मोठी कोणती? दुसरी: ०.४ आणि ०.६२ यांत मोठी कोणती? पहिल्या जोडीत जे मूल ०.३७५ म्हणतं ते आकडे जास्त म्हणजे संख्या मोठी असं मानतं. दुसऱ्या जोडीत जे मूल ०.४ म्हणतं त्याची चूक उलटी आहे. शतांश हा दशांशापेक्षा लहान, हे त्याने नीट ऐकलंय. त्यावरून ज्यात शतांश आले ती संख्याच लहान, असा निष्कर्ष त्याने काढला. ही दुसरी चूक हुशार मुलांतही दिसते आणि बहुधा लक्षात येत नाही. कारण ०.८ आणि ०.३७५ सारख्या जोडीत अशा मुलाचं उत्तर योगायोगाने बरोबर येतं. शिक्षकांनी एकाच प्रकारच्या जोड्या दिल्या तर एक चूक कायम नजरेतून सुटते. दोन्ही मुलांना उपाय एकच लागतो. ०.८०० आणि ०.३७५, किंवा ०.४० आणि ०.६२ असं लिहून प्रत्येक घराचं नाव मोठ्याने घ्यायचं.

वाचण्याचा संबंध इथे मोठा आहे. १२.४५ ला आपण सहज ‘बारा पॉइंट पंचेचाळीस’ म्हणतो आणि तिथेच पोराच्या डोक्यात पंचेचाळीस पक्के बसतात. ‘बारा पूर्णांक चार पाच’ असं एकेक आकडा सांगत वाचलं की घरं वेगळी राहतात. निदान दशांश शिकण्याच्या वर्षी तरी घरी आणि शाळेत असंच वाचावं.

ज्या पिढ्यांनी दशांश शिकला नाही त्यांच्याकडे अपूर्णांकांची दुसरी, फार सुंदर शिस्त होती. पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, अडीचकी, औटकी हे पाढे तोंडपाठ असणारी माणसं वऱ्हाडातल्या बाजारात कागदाशिवाय हिशेब करत. औट म्हणजे साडेतीन, हे आज कुणाला सांगावं लागतं. या पद्धतीचा पाया निम्मं करत जाण्यावर होता. रुपयाचे सोळा आणे, शेराचे सोळा छटाक, अर्धा, पाव, आतपाव. निम्मं करणं हाताला सोपं जातं, पण दशांशात लिहायला बसलं की शेपूट वाढत जातं. अर्धा म्हणजे ०.५. पाव ०.२५. त्याचा निम्मा ०.१२५. सोळावा भाग ०.०६२५. चारही संख्यांची घरं वेगवेगळी. त्यांची बेरीज करायची तर ०.५०००, ०.२५००, ०.१२५० आणि ०.०६२५ असं चार घरांपर्यंत जावं लागतं.

१ एप्रिल १९५७ ला देशाने हाच प्रश्न सोडवला. त्या दिवशी रुपया १०० नव्या पैशांचा झाला आणि जुने आणे नव्या पैशांत बदलण्याची वेळ आली. चार आण्यांचे २५, आठ आण्यांचे ५०, बारा आण्यांचे ७५, इथपर्यंत सगळं स्वच्छ होतं. पण एक आणा म्हणजे ६.२५ पैसे, दोन आणे १२.५, तीन आणे १८.७५. पैशाचा तुकडा तर नाण्यात नव्हता. म्हणून एका आण्याचे ६, दोन आण्यांचे १२ आणि तीन आण्यांचे १९ नवे पैसे धरले गेले. दोन वेळा एक-एक आण्याची वस्तू घेतली तर १२ पैसे, आणि चार वेळा घेतली तर २४, पण चार आण्यांचे मात्र २५. भाजीवालीशी त्या एका पैशावरून हुज्जत घालणारं गिऱ्हाईक काही चुकीचं नव्हतं. १९६४ मध्ये ‘नवा’ हा शब्द गेला. वजनमापांतही १९५८ पासून टप्प्याटप्प्याने किलो आणि मीटर आले. आज किराणा दुकानातला इलेक्ट्रॉनिक काटा पाव किलोला ०.२५० आणि दीड किलोला १.५०० दाखवतो. सगळी वजनं तीन घरांत, शेवटी शून्य असला तरी. सराफाचा काटाही तोळ्याच्या काळातून बाहेर पडून ग्रॅम तीन घरांपर्यंत दाखवतो. घरं सारखी करण्याचं काम यंत्र आधीच करून ठेवतं, म्हणून तिथे तुलना करताना कुणी चुकत नाही.

जमिनीच्या कागदांत मात्र हे काम आपल्यालाच करावं लागतं, आणि तिथे चूक पिढ्यान्‌पिढ्या टिकते.

सातबाऱ्यावर क्षेत्र हेक्टर-आरमध्ये असतं. एक हेक्टर म्हणजे १०० आर, एक आर म्हणजे १०० चौरस मीटर. नोंद १.०५.०० अशी दोन टिंबांची दिसते: हेक्टर, आर, चौरस मीटर. इथे १०० चा पट असल्यामुळे दशांशाशी मेळ बसतो. १ हेक्टर ५ आर म्हणजे १.०५ हेक्टर, आणि १ हेक्टर ५० आर म्हणजे १.५० हेक्टर. पण तोंडी बोलताना किंवा वाटणीच्या चिठ्ठीवर कुणी घाईने ‘१.५’ लिहिलं, तर त्याचे दोन अर्थ होतात आणि त्या दोहोंत ४५ आर जमीन असते. एक एकर म्हणजे सुमारे ४०.४७ आर, म्हणजे हा घोळ एकरापेक्षा जास्त जमिनीचा. सातबाऱ्यावर आर दोन आकडी लिहिण्याची पद्धत आहे ती याचसाठी. चिठ्ठीवरही तीच पाळली पाहिजे.

गावात जमीन अजून एकर-गुंठ्यांतच बोलली जाते आणि खरा खड्डा तिथे आहे. एकराचे ४० गुंठे. ‘३.२०’ असं जुन्या माणसाने लिहिलं तर त्याचा अर्थ तीन एकर वीस गुंठे, म्हणजे साडेतीन एकर. मोबाइलवर हिशेब करणाऱ्या नातवाला तेच ३.२० एकर दशांश वाटतं, म्हणजे तीन एकर आठ गुंठे. दोघांत बारा गुंठ्यांचा फरक पडला. हेक्टरचे एकर करताना २.४७ हा आकडा येतो, तो दोन एकर सत्तेचाळीस गुंठे म्हणून वाचणारेही असतात. सत्तेचाळीस गुंठ्यांत तर एक पूर्ण एकर आणि वर सात गुंठे होतील. खरं क्षेत्र दोन एकर आणि सुमारे १९ गुंठे आहे.

म्हणून शेवटी शून्य लावण्याची रीत वापरण्याआधी एक गोष्ट तपासायलाच हवी. समोरचं टिंब दशांशचिन्ह आहे, की दोन वेगळ्या मापांना वेगळं ठेवणारी खूण? तीन एकर पाच गुंठे कुणी ‘३.५’ लिहिले आणि आपण त्यामागे शून्य लावून ३.५० केले, तर पन्नास गुंठे झाले. असं क्षेत्र गुंठ्यांत असूच शकत नाही. तिथे शून्य पाचाच्या आधी हवा, ३.०५. लग्नाच्या जाहिरातीत उंची ५.१ आणि ५.१० लिहिलेली असते, त्यात पाच फूट एक इंच आणि पाच फूट दहा इंच एवढं अंतर आहे. क्रिकेटमध्ये ४.३ षटकं म्हणजे साडेचार षटकं, कारण षटकात सहा चेंडू. अशा ठिकाणी शून्य लावणं सुरक्षित नाही. शेवटी शून्य लावून किंमत न बदलण्याची हमी फक्त दहाच्या घरांना आहे.

दशांश अपूर्णांकांची पद्धत युरोपात लोकांपर्यंत नेणारा माणूस मापं दहाच्या घरांत नसण्याच्या याच तक्रारीने पछाडलेला होता. सिमॉन स्टेव्हिन, ब्रूजमध्ये १५४८ साली जन्मलेला फ्लेमिश अभियंता. त्याने १५८५ मध्ये एक छोटी पुस्तिका काढली आणि ती जमीन मोजणारे, कापड मोजणारे, पिंपं मापणारे, व्यापारी आणि खगोलशास्त्रज्ञ यांना उद्देशून लिहिली. दशांश अपूर्णांक त्याच्याआधीही होते. दमास्कसच्या अल-उक्लिदिसीने दहाव्या शतकात आणि समरकंदच्या अल-काशीने १४२७ मध्ये ते वापरले होते. स्टेव्हिनचं वेगळेपण त्याच्या आग्रहात होतं. सरकारने नाणी, वजनं, मापं सगळीच दहाच्या पटीत आणावीत, असं त्याने तेव्हाच सुचवलं. त्याच्या लिखाणात टिंब नव्हतं. प्रत्येक आकड्याशेजारी तो वर्तुळात घराचा क्रमांक लिहायचा: एककाला शून्य, दशांशाला एक, शतांशाला दोन. लिहायला किचकट, पण त्याच्या वाचकाला ५ दशांश आणि ५ शतांश यांत गफलत करणं शक्यच नव्हतं. सहावीच्या वर्गात पहिले काही दिवस असंच लिहायला लावलं तर मुलांना फायदा होईल, असं माझं मत आहे.

आता पाणी. पातूरजवळ मोर्णा प्रकल्प आहे, आणि अकोला शहर पितं ते महानच्या काटेपूर्णा धरणाचं पाणी. काटेपूर्णाची उपयुक्त साठवण ८६.३५ दलघमी, म्हणजे दशलक्ष घनमीटर. इथल्या प्रत्येक घराची किंमत लक्षात घेण्यासारखी आहे. एका दलघमीत शंभर कोटी लिटर, म्हणून दशांशाच्या घरातला १ म्हणजे दहा कोटी लिटर आणि शतांशाच्या घरातला १ म्हणजे एक कोटी लिटर. उन्हाळ्यात साठा ७.९ आहे की ७.०९, यात ८१ कोटी लिटरचा फरक आहे. ७.९ ला ७.९० असं लिहिणं म्हणजे शतांशाचं घर रिकामं आहे हे ठासून सांगणं.

पावसाच्या आकड्यांत याची दुसरी बाजू दिसते. महसूल मंडळात २४ तासांत ६५ मिलिमीटरपेक्षा जास्त पाऊस झाला की अतिवृष्टी धरतात, आणि नुकसानीचे पंचनामे बरेचदा त्या आकड्यापासून सुरू होतात. समजा, आलेगाव मंडळात ६५.२ आणि चान्नी मंडळात ६४.९ असे आकडे आले, तर आलेगाव आत आणि चान्नी बाहेर. ६५ ला ६५.० लिहिलं की तिन्ही आकडे एका रांगेत येतात. पण तिथून पुढे ६५.२०० लिहिलं तर? किंमत बदलत नाही हे खरं, तरी वाचणाऱ्याला वाटेल की पाऊस मिलिमीटरच्या हजाराव्या भागापर्यंत मोजला गेला. पर्जन्यमापकाची काचनळी मिलिमीटरच्या दहाव्या भागापर्यंतच वाचता येते. ट्रॉली तोलणारा मोठा काटाही ५, १० किंवा २० किलोंच्या टप्प्यांनी आकडा बदलतो, त्याने दाखवलेल्या वजनामागे ग्रॅमची घरं उघडण्यात अर्थ नाही. हिशेबापुरता शून्य लावावा, नोंदवहीत मात्र मापनाने जेवढी घरं दिली तेवढीच ठेवावीत. हा फरक अकरावी-बारावीच्या प्रयोगशाळेपर्यंत सहसा कुणी सांगत नाही, तो सहावीतच सांगता येतो.

या रीतीची सर्वांत जास्त गरज वजाबाकीला लागते. भरलेली ट्रॉली ३१.२ क्विंटल, रिकामी १८.७५ क्विंटल. ३१.२ मध्ये शतांशाचं घरच दिसत नाही, मग ५ कशातून वजा करायचे? ज्याने घर उघडलं नाही तो मूळचा ५ तसाच खाली उतरवतो आणि १२.५५ लिहितो. ३१.२० मधून १८.७५ वजा केले की १२.४५ येतात. पूर्ण संख्येतून वजा करताना तर टिंबही आपणच आणावं लागतं: १० वजा ३.४७५ म्हणजे १०.००० वजा ३.४७५, उत्तर ६.५२५.

एका ठिकाणी मात्र कितीही घरं उघडली तरी पुरत नाहीत. तीन भावांत एक हेक्टर वाटायचं आहे. एकाचा वाटा ०.३३३३… आणि हा तीन कधी थांबत नाही. १/३ ला १०, १००, १००० असा छेद देताच येत नाही, कारण दहाच्या कुठल्याही घाताला तीनने पूर्ण भाग जात नाही. मोजणी मात्र चौरस मीटरपाशी थांबते. १.००.०० चे तीन भाग केले तर प्रत्येकाला ०.३३.३३, म्हणजे ३,३३३ चौरस मीटर मिळतात. बेरीज होते ०.९९.९९ आणि एक चौरस मीटर उरतो. सातबाऱ्यावर बेरीज जुळायची तर त्या उरलेल्या मीटरासाठी तिघांपैकी एकाच्या नावासमोर ०.३३.३४ लिहावं लागतं, आणि ते कुणाच्या, हे तिघांनी बसून ठरवायचं असतं.